हौदाचा घेर छत्तीस हात

सातवी-आठवीच्या वर्गात वर्तुळाचा धडा आला की विद्यार्थी एक सूत्र पाठ करतात : पाय गुणिले त्रिज्येचा वर्ग. परीक्षेत त्यावर दोन-तीन गुणांचा प्रश्न येतो, तो सोडविला जातो, आणि पुढे जन्मभर त्या सूत्राची गाठ पडत नाही अशी बहुतेकांची समजूत असते. याच वयाची आपली अनेक मुले सकाळी किंवा संध्याकाळी मदरशातही जातात. तेथे पाण्याच्या पाकीचे मसले शिकविताना गोल हौदाचा घेर किती हात असावा हे सांगितले जाते. मुलगा तेही पाठ करतो. शाळेतले वर्तुळ आणि मदरशातला हौद ही एकच गोष्ट आहे, हे मात्र त्याला दोन्हीकडे कोणी सांगत नाही. प्रस्तुत लेखात ही ओळख करून देण्याचा विचार आहे. मसल्याचा निर्णय हा उलेमांचा प्रांत. आपण येथे फक्त हिशेब पाहू.

हनफी फिकहमध्ये मोठ्या हौदाचे माप ‘दह दर दह’ या नावाने प्रसिद्ध आहे. दहा हात लांब व दहा हात रुंद, म्हणजे शंभर चौरस हातांचा पृष्ठभाग. एवढ्या पाण्याला वाहत्या पाण्यासारखे मानले जाते. चौकोनी हौदाचे हे सोपे झाले. पण हौद गोल असेल तर काय करावे? येथे फकीहांना भूमितीकडे वळावे लागले. हनफी ग्रंथांत गोल हौदाचे उत्तर ३६ हात घेर असे येते. काहींनी सावधगिरीने ४४, ४६ किंवा ४८ हात सांगितले, परंतु ३६ हा आकडा हिशेबनिसांच्या पुराव्याने सिद्ध झालेला आहे अशी नोंद ग्रंथकारांनी आवर्जून केली आहे. दमास्कसचे इब्न आबिदीन (मृत्यू १८३६) यांनी ‘रद्दुल मुहतार’ या ग्रंथात हा हिशेब पायरीपायरीने मांडला आहे. घेर ३६ हात, व्यास ११ हात आणि एक पंचमांश. व्यासाचा निम्मा साडेपाच हात आणि एक दशांश, म्हणजे ५.६, घेराचा निम्मा १८, दोहोंचा गुणाकार १०० पूर्णांक चार पंचमांश. शंभर भरले आणि वर थोडे उरले.

आजच्या पद्धतीने तपासले तर काय दिसते? शंभर चौरस हातांच्या वर्तुळाचा घेर ३५.४५ हात येतो. अपूर्णांकाची कटकट नको म्हणून वरचा पूर्ण आकडा घेतला तर तो ३६ हाच. ४४ या आकड्याचेही एक गमतीदार गणित आहे. दहा हातांचा चौकोन ज्यात कोपऱ्यांसकट बसेल असे वर्तुळ काढले, तर त्याचा व्यास चौदा हातांहून किंचित अधिक आणि घेर सुमारे ४४ हात भरतो. अर्थात अशा हौदाचे क्षेत्रफळ शंभराऐवजी दीडशेच्या पुढे जाते. ज्या गावात दगड, चुना आणि मजुरी लोकवर्गणीतून उभी राहते तेथे घेर ३६ हात धरायचा की ४४, हा काही केवळ पुस्तकी प्रश्न नव्हे.

कोकणातील आपले बांधव बहुतांशी शाफई. त्यांच्याकडे ‘कुल्लतैन’ हे माप आहे. चौकोनी टाकीसाठी सव्वा हात लांबी, सव्वा हात रुंदी, सव्वा हात खोली. गोल टाकीसाठी एक हात व्यास आणि अडीच हात खोली. वरवर पाहता या दोन मापांचा एकमेकांशी काही संबंध दिसत नाही. विद्यार्थी मित्रांनो, कागद-पेन्सिल घेऊन पडताळा पाहा. सव्वाचा घन १.९५३ येतो. गोल टाकीचे घनफळ १.९६४ येते. फरक शेकड्याला जेमतेम अर्धा. ज्यांनी हे दुसरे माप बसविले त्यांना वर्तुळाचे क्षेत्रफळ उत्तम काढता येत होते, याहून वेगळा पुरावा कशाला हवा?

आता ‘अर्धा व्यास गुणिले अर्धा घेर’ ही रीत आली कोठून ते पाहू. मुळात ती खरी का, हे घरातच समजते. काथ्याची दोरी गोल गोल गुंडाळून केलेले पायपुसणे डोळ्यांसमोर आणा. मध्यापासून कडेपर्यंत सरळ कापून त्याची सगळी वेटोळी एकावर एक सरळ पसरली, तर सर्वांत बाहेरचे वेटोळे सर्वांत लांब, आतले त्याहून आखूड, आणि शेवटी मधला नुसता ठिपका. तयार होतो तो त्रिकोण. त्याचा पाया वर्तुळाच्या घेराइतका आणि उंची त्रिज्येइतकी. त्रिकोणाचे क्षेत्रफळ पाया गुणिले उंचीच्या निम्मे, म्हणजेच अर्धा घेर गुणिले त्रिज्या. बाराव्या शतकात बार्सिलोनाच्या अब्राहम बार हिय्या या यहुदी पंडिताने हीच युक्ती आपल्या मोजणीच्या ग्रंथात वापरली होती. त्याच्याही पूर्वी, इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात, सिराक्यूजच्या आर्किमिडीजने हे तत्त्व काटेकोर सिद्ध केले, आणि ९६ बाजूंच्या बहुभुजाकृती वापरून घेर व व्यासाचे गुणोत्तर ३ पूर्णांक १०/७१ आणि ३ पूर्णांक १/७ यांच्या दरम्यान आहे हे दाखविले. आपल्या पाठ्यपुस्तकातील २२/७ म्हणजे याच मापाची वरची हद्द. आर्किमिडीजचा हा छोटा ग्रंथ नवव्या शतकात अरबीत आला.

त्याच शतकाच्या आरंभी बगदादमध्ये मुहम्मद इब्न मूसा अल-ख्वारिज्मी काम करीत होते. खलीफा अल-मामून (राज्यकाल ८१३ ते ८३३) यांच्या प्रोत्साहनाने त्यांनी जे पुस्तक लिहिले त्याच्या नावातील ‘अल-जब्र’ या शब्दावरून ‘अल्जेब्रा’ झाले, आणि खुद्द लेखकाच्या नावावरून ‘अल्गोरिदम’. एवढे आपल्या सभा-समारंभांतून नेहमी सांगितले जाते, टाळ्याही पडतात. पुस्तकात आहे काय, हे मात्र क्वचितच सांगितले जाते. प्रस्तावनेत लेखकाने स्पष्ट म्हटले आहे की वारसा, वसीयत, वाटणी, दावे, व्यापार, जमिनीची मोजणी, कालवे खोदणे अशा कामांत लोकांना जो हिशेब पदोपदी लागतो तो सोप्या रीतीने सांगावा हा आपला हेतू. पुस्तकाचा एक भाग मोजणीचा आहे आणि एक मोठा भाग वारसाहक्काच्या उदाहरणांचा.

मोजणीच्या भागात वर्तुळासाठी तीन मापे दिली आहेत. पहिले, व्यासाला ३ पूर्णांक १/७ ने गुणावे; लोकांच्या व्यवहारात हे रूढ आहे, त्याला सिद्धता नाही, असे लेखक मोकळेपणाने म्हणतो. दुसरे, व्यासाच्या वर्गाची दहापट करून वर्गमूळ घ्यावे. तिसरे ज्योतिर्विदांचे : व्यासाला ६२८३२ ने गुणून २०००० ने भागावे. ही शेवटची संख्या भारतीय वाचकाला तात्काळ ओळखू येते. इ. स. ४९९ मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, आर्यभटाने आपल्या ग्रंथात २०००० व्यासाच्या वर्तुळाचा परिघ ६२८३२ दिला आणि तो ‘आसन्न’, म्हणजे जवळपासचा, असेही बजावले. दहाचे वर्गमूळ ब्रह्मगुप्ताने ६२८ मध्ये सूक्ष्म मान म्हणून सांगितले होते. बगदादच्या त्या एका पानावर हिंदुस्थान आणि यूनान शेजारी शेजारी बसलेले आहेत. अल-ख्वारिज्मीच्या एका हस्तलिखितात या ठिकाणी समासात कोणा वाचकाने लिहून ठेवले आहे की हे सर्व अंदाज होत, खरा घेर एका सर्वज्ञ अल्लाहलाच ठाऊक, कारण ही रेषा सरळ नाही. गणिताच्या दृष्टीने त्या अनामिक वाचकाचे म्हणणे फारसे चुकीचे नव्हते. हे गुणोत्तर कोणत्याही अपूर्णांकात पूर्णपणे बसत नाही, हे लँबर्ट यांनी १७६१ मध्ये सिद्ध केले.

याच भागात अल-ख्वारिज्मीने आणखी एक रीत दिली आहे आणि ती मला सर्वांत मोलाची वाटते. व्यासाचा वर्ग करा. त्यातून सातवा हिस्सा आणि सातव्याचा निम्मा वजा करा. उरले ते क्षेत्रफळ. व्यास ७ असेल तर वर्ग ४९; त्यातून ७ आणि साडेतीन वजा; उत्तर साडेअडतीस. अर्धा व्यास गुणिले अर्धा घेर या रीतीनेही साडेतीन गुणिले अकरा, म्हणजे साडेअडतीसच. यात पाय नाही, दशांश चिन्ह नाही, त्रिज्याही नाही. त्रिज्या कोणाला मोजता येते? भरलेल्या डेगीचा, विहिरीचा किंवा खांबाचा मध्यबिंदू शोधायला कोण आत उतरणार? कारागिराच्या हाताला लागतो तो व्यास किंवा घेर.

पत्र्याचे डबे करणाऱ्या कारागिराच्या दुकानात ही वजाबाकी डोळ्यांना दिसते. १४ इंचांच्या चौरस पत्र्यातून १४ इंच व्यासाची गोल चकती कापायची. पत्रा १९६ चौरस इंचांचा. त्याचा सातवा हिस्सा २८, सातव्याचा निम्मा १४, एकूण ४२. चार कोपऱ्यांची जी कातरण जमिनीवर पडते ती हीच ४२ चौरस इंचांची, आणि चकती उरली १५४ ची. म्हणजे गोल तळाचे भांडे करणाऱ्याचा शंभर रुपयांच्या पत्र्यातला साडेएकवीस रुपयांचा माल पहिल्याच कापाला भंगारात जातो. ज्याला हे ठाऊक आहे तो भाव सांगताना कातरण धरून सांगतो. ज्याला ठाऊक नाही तो चकतीचा भाव लावतो आणि महिनाअखेर बरकत का नाही म्हणून कपाळाला हात लावतो. आमचे कित्येक हुशार मुलगे आठवी-नववीतून उठून बापाच्या किंवा मामाच्या दुकानात बसतात. ‘हिशेब दुकानात शिकेल’ असे त्यांचे पालक म्हणतात. बेरीज-वजाबाकी शिकेलही, पण हा सातवा हिस्सा आणि त्याचा निम्मा दुकानात कोण शिकविणार?

युरोपातही एक विचित्र गोष्ट घडली. बाराव्या शतकात अल-ख्वारिज्मीच्या पुस्तकाची लॅटिन भाषांतरे झाली त्यांत बीजगणिताचा भाग तेवढा उतरला. मोजणीचा आणि वारशाचा भाग मागेच राहिला. संपूर्ण पुस्तक इंग्रजीत आले ते १८३१ मध्ये, फ्रेडरिक रोझेन यांच्या भाषांतरामुळे. जो भाग लेखकाच्या मते लोकांच्या सर्वाधिक उपयोगाचा, तो जगाला सर्वांत उशिरा कळला.

याचा अर्थ इतर देशांत व्यवहारी रीती नव्हत्या असा नाही. मिसरमध्ये इसवी सनापूर्वी १६५० च्या सुमारास अहमस नावाच्या लेखनिकाने नकललेल्या पपायरसवर नऊ माप व्यासाच्या गोल शेताचे उदाहरण आहे. व्यासाचा नववा हिस्सा कमी करा, उरलेल्या आठाचा वर्ग करा, क्षेत्रफळ ६४. आजच्या हिशेबाने ते ६३.६ भरते. साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या शेतसाऱ्यासाठी एवढे नेमके उत्तर मिळत असेल तर कोणा शेतकऱ्याची तक्रार असू नये.

आता आपल्या घराजवळ येऊ. भास्कराचार्यांचा ‘लीलावती’ हा ग्रंथ ११५० चा. त्यात वर्तुळाच्या क्षेत्रफळाच्या दोन रीती आहेत. सूक्ष्म उत्तर हवे तर व्यासाच्या वर्गाला ३९२७ ने गुणून ५००० ने भागा. नाही तर ११ ने गुणून १४ ने भागा. हे उत्तर स्थूल, पण व्यवहाराला योग्य. वाचकांनी ताडले असेलच की चौदातून अकरा उरले म्हणजे तीन गेले, आणि तीन-चौदांश म्हणजेच सातवा हिस्सा अधिक सातव्याचा निम्मा. बगदादची रीत आणि लीलावतीची रीत एकच. चूक म्हणाल तर दहा हजारांत चार.

लीलावतीत धान्याच्या राशीचेही प्रकरण आहे. खळ्यात धान्य ओतले की त्याची आपोआप शंकूच्या आकाराची रास होते. जाड्या दाण्याच्या राशीची उंची घेराच्या दहाव्या हिश्श्याइतकी, बारीक दाण्याची अकराव्या, आणि कुसळाच्या धान्याची नवव्या हिश्श्याइतकी असते, असे भास्कराचार्यांनी सांगितले आहे. घेराचा सहावा हिस्सा घ्या, त्याचा वर्ग करा, उंचीने गुणा, झाले घनफळ. जाड्या दाण्याच्या राशीचा घेर ६० हात असेल तर उंची ६, सहाव्या हिश्श्याचा वर्ग १००, घनफळ ६०० घनहात. रास भिंतीला टेकलेली असेल तर फक्त ३० हात घेर मोजता येतो. तो दुप्पट करून हिशेब करा आणि उत्तराचे निम्मे घ्या. आतल्या कोपऱ्यात असेल तर १५ हातांची चौपट करा आणि पाव घ्या. घराच्या बाहेरच्या कोपऱ्याला वळसा घालून असेल तर ४५ हातांत तिसरा हिस्सा मिळवा आणि उत्तराचा पाऊण घ्या. राशीला हात न लावता, एक दोरी घेऊन, उभ्या उभ्या मोजणी. या रीतीत पाय ३ धरला आहे, म्हणून ६०० हे उत्तर खऱ्याहून सुमारे २७ घनहात जास्त येते. अंदाजाने रास विकणाऱ्याचा त्यात फायदा, आणि राशीवर कर भरणाऱ्याचा तोटा.

जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटणे नावाचे गाव आहे. तेथील देवळातला शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात उजेडात आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी येथे मठ स्थापन केला, अशी नोंद त्या इ. स. १२०७ च्या लेखात आहे. लेखाचा बराचसा भाग संस्कृत असला तरी शेवटी जुनी मराठी आहे, आणि तेथे मठाच्या खर्चाची तरतूद सांगितली आहे : बाजारात येणाऱ्या मालावरील उत्पन्नाचा वाटा, आणि दर घाण्यामागे पळी पळी तेल. वर्गणीसाठी दारोदार फिरणाऱ्या कोणत्याही शिक्षणसंस्थेच्या पदाधिकाऱ्याने ही ओळ वाचावी. आठशे वर्षांपूर्वी खानदेशात गणिताची शाळा तेल्याच्या पळीवर चालली होती.

लीलावतीचे पुढे काय झाले? अकबर बादशहाच्या आज्ञेवरून १५८७ मध्ये फैजी या कवीने तिचे फारसीत भाषांतर केले. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ ग्रंथाचे फारसी भाषांतर १६३४-३५ मध्ये अताउल्लाह रुश्दी यांनी शाहजहानसाठी केले. हे अताउल्लाह म्हणजे ताजमहालाचे प्रमुख वास्तुविशारद मानले जाणारे उस्ताद अहमद लाहोरी यांचे चिरंजीव. औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर, येथील बीबी का मकबरा १६६०-६१ च्या सुमारास पुरा झाला. त्याच्या दरवाजावर मेमार म्हणून अताउल्लाह यांचे आणि त्यांच्या जोडीला हंसपतराय यांचे नाव कोरलेले आहे. हा तोच अनुवादक, असे इतिहासकार मानतात. या शहरातून कन्नडमार्गे घाट उतरला की चाळीसगावचा मुलूख आणि पाटणे. ज्याने भास्कराचार्यांचे गणित फारसीत नेले त्याने बांधलेली इमारत आणि भास्कराचार्यांच्या नातवाचा मठ यांच्यामध्ये आज एसटीने काही तासांचे अंतर आहे. आपल्या शाळांच्या सहली दोन्हीकडे एकाच दिवसात नेता येतील.

इमारतीचा विषय निघाला म्हणून समरकंदचे जमशीद अल-काशी यांच्याविषयी लिहिले पाहिजे. उलुग बेगच्या वेधशाळेतील हे थोर गणिती मूळचे काशानचे. १४२४ मध्ये त्यांनी ८०,५३,०६,३६८ बाजूंच्या बहुभुजाकृतीचा हिशेब करून परिघ आणि त्रिज्या यांचे गुणोत्तर सोळा दशांश स्थळांपर्यंत बिनचूक काढले. एवढ्या बारकाईची गरज काय, याचे उत्तरही त्यांनी आधीच ठरवून ठेवले होते : पृथ्वीच्या व्यासाच्या सहा लक्ष पट व्यासाच्या वर्तुळाचा घेर काढला तरी चूक घोड्याच्या केसाच्या जाडीपेक्षा कमी राहावी. त्यांच्या थोडे आधी केरळात माधवांनी वेगळ्या मार्गाने, अनंत श्रेणीने, अकरा दशांश स्थळे गाठली होती. पण अल-काशींचा मोठेपणा मला दुसऱ्या पुस्तकात दिसतो. १४२७ च्या ‘मिफ्ताहुल हिसाब’ या ग्रंथात त्यांनी कमानी, घुमट आणि मुकर्नस यांच्या मोजणीसाठी स्वतंत्र प्रकरण लिहिले, त्यात तयार गुणक दिले, म्हणजे मेमार आणि हिशेबनीस यांना सामान व मजुरी ठरविता यावी. घोड्याच्या केसाचा विचार करणारा माणूस गवंड्याच्या मजुरीचाही विचार करीत होता.

आजच्या घरांत हे गणित कोठे लागते, ते आता थोडक्यात. रमजानमध्ये बेकरीवर आठ इंची आणि बारा इंची नान असतात. व्यास दीडपट, पण नान किती पट? ८ चा वर्ग ६४, १२ चा १४४. म्हणजे सव्वादोन पट. जाडी सारखी असेल आणि मोठ्या नानाचा भाव लहानाच्या दुपटीने असेल तरी मोठा घेणारा फायद्यात. येथे पायचीही गरज नाही, नुसते वर्ग पुरतात. नळाचेही तसेच. अर्ध्या इंची दोन जोडण्या मिळून एक इंची होत नाही, चार लागतात; आणि पाण्याच्या घर्षणामुळे चारही कमी पडतात. एखाद्या वस्तीत कोणाला अर्धा इंची आणि कोणाला एक इंची जोडणी असेल, तर ‘दुप्पट पाणी’ हा शब्द ऐकून कोणी समाधान मानू नये.

लाकडाच्या वखारीत ओंडक्याचे माप चौथाई घेराने, ज्याला व्यापारी क्वार्टर गर्थ म्हणतात त्या रीतीने, घेण्याची पद्धत आहे. घेराचा चौथा हिस्सा, त्याचा वर्ग, गुणिले लांबी. ८८ इंच घेराचा आणि १२ फूट लांबीचा ओंडका घ्या. चौथाई २२, वर्ग ४८४ चौरस इंच. ओंडका ४० पूर्णांक एक तृतीयांश घनफूट ठरतो. खरे क्षेत्रफळ ६१६ चौरस इंच आणि खरे लाकूड ५१ पूर्णांक एक तृतीयांश घनफूट. अकरा घनफूट गेले कोठे? ४८४ भागिले ६१६ करून पाहा, तेच अकरा-चौदांश येतील. ही रीत इंग्लंडमध्ये अठराव्या शतकात एडवर्ड हॉपस यांच्या कोष्टकांनी रूढ झाली. गोल ओंडका चौरस करताना कडेची फळकुटे वाया जातात, तेवढी सूट खरेदीदाराला मिळावी हा तिचा हेतू. सूट वाजवी आहे असेही म्हणता येईल. पण शेतातले साग किंवा आंबा विकणाऱ्याला आपण ती देत आहोत हे माहीत असले तरच. फळकुटेही पुढे विकलीच जातात.

शेवटी विहीर. विद्यार्थ्यांनी हे प्रत्यक्ष करून पाहावे, मात्र वडीलधारे बरोबर असताना. आत डोकावून व्यास मोजू नये. कठड्याच्या बाहेरून दोरी फिरवावी आणि ती दोरी जमिनीवर सरळ करून फुटांत मोजावी. कठडा एक फूट जाडीचा असेल तर मापातून ६ पूर्णांक २/७ फूट वजा करावेत, म्हणजे आतला घेर मिळतो. समजा दोरी ५० पूर्णांक २/७ फूट भरली, तर आतला घेर ४४. घेराचा वर्ग करून ७ ने गुणावे आणि ८८ ने भागावे : १९३६ गुणिले ७ भागिले ८८, उत्तर १५४ चौरस फूट. विहिरीत पाणी एक फुटाने चढले की १५४ घनफूट, म्हणजे सुमारे ४३६० लिटर पाणी वाढले. उन्हाळ्यात रोज किती इंच उतरते ते दगड बांधलेल्या दोरीने पाहून ठेवले, तर किती दिवस पुरेल तेही सांगता येते. आणि कठड्यासाठी केलेली ती ६ पूर्णांक २/७ फुटांची वजाबाकी विहीर लहान असो की मोठी, तेवढीच राहते. असे का, ते विद्यार्थ्यांनी आपल्या गुरुजींना विचारावे.